तिरामिसू: बिस्किट एक सेकंद, फ्रीज एक रात्र

सांगलीहून इटलीतल्या त्रेविझोला निघताना आमच्या हिने बॅगेत डिंक, अळीव, खारीक आणि जायफळ कोंबलं होतं. लेकीचं बाळंतपण होतं. मी बरोबर गेलो तो बॅगा उचलायला. दूध संघाच्या प्रयोगशाळेत ३१ वर्षं काढलेला माणूस मी. दुधाची फॅट लावणं, आंबटपणा तपासणं, पाश्चरायझरच्या तक्त्यावर सही करणं एवढंच मला येतं. बाळंतिणीच्या घरात या विद्येचा काही उपयोग नसतो. स्वयंपाकघर इतकं लहान की मी उभा राहिलो तरी कुणाच्या तरी वाटेत यायचो. "अहो, तुम्ही जरा खाली फिरून या" हे दिवसातून चारदा ऐकायचो.

बाळ घरी आलं त्याच्या तिसऱ्या दिवशी खालच्या मजल्यावरच्या सिन्योरा वर आल्या. सत्तरीच्या पुढच्या, बोलायला तुसड्या. हातात काचेचा पेला, त्यात पिवळसर पांढरं काहीतरी. अंड्याचं पिवळं साखरेबरोबर फेटून फेटून फिकं केलेलं. याला तिकडच्या बोलीत स्बातुदिन म्हणतात. त्रेविझो ज्यात येतं त्या व्हेनेतो भागात आजारातून उठलेल्याला, म्हाताऱ्याला, नवविवाहितांना आणि बाळंतिणीला हे देण्याची जुनी रीत आहे. कच्चं अंडं पाहून आमच्या हिचा चेहरा पडला. मग तिने डब्यातला डिंकाचा लाडू सिन्योरांच्या हातावर ठेवला आणि त्यांचाही पडला. हिशेब चुकता झाला.

त्या स्बातुदिनमध्ये मास्कार्पोने हे क्रीमचं मऊ चीज मिसळलं आणि कॉफीत बुडवलेल्या बिस्किटांवर थापलं की झालं तिरामिसू. शहरातल्या पियात्सा आन्चिलोत्तो या चौकात 'ले बेक्केरिए' नावाचं रेस्तराँ आहे. आदो काम्पेओल आणि त्यांची पत्नी अल्बा दि पिल्लो ते चालवत, आणि स्वयंपाकघरात रोबेर्तो लिंग्वानोत्तो हा गोडाचा आचारी होता. १९७० च्या सुमाराला हा पदार्थ तिथे घडला असं त्रेविझोकर सांगतात. बाळंतपणानंतर अशक्त झालेल्या अल्बाला घरच्यांनी असंच पौष्टिक खायला घातलं आणि त्यावरून तिला सुचलं, अशी एक हकीकत आहे. लिंग्वानोत्तो वेगळी सांगत: आइसक्रीमसाठी अंडी-साखर फेटताना त्यांच्या हातून चुकून मास्कार्पोने भांड्यात पडलं. शेजारच्या फ्रिउलीवाल्यांना यातलं काहीच मान्य नाही. त्यांच्या मते तोल्मेत्सो गावच्या एका हॉटेलात ते १९५० च्या दशकातच होत होतं. २०१७ मध्ये इटलीच्या कृषी मंत्रालयाने पारंपरिक पदार्थांच्या यादीत तिरामिसू फ्रिउलीच्या नावावर टाकलं, तेव्हा व्हेनेतोच्या गव्हर्नरांनीच आक्षेप घेतला. सिन्योरांपुढे मी फ्रिउलीचं नाव एकदाच काढलं.

नावाचा अर्थ 'मला वर ओढ', म्हणजे अंगात तरतरी आण. उच्चारताना जोर शेवटच्या 'सू'वर. आणि मास्कार्पोने म्हणा. आपल्याकडे केकवाले 'मार्स्कापोन' म्हणतात तसं नको.

आता सामान. २०१० साली इटालियन पाककला अकादमीच्या त्रेविझो शाखेने मूळ कृती नोटरीकडे नोंदवून ठेवली. त्यात १२ अंड्यांचं पिवळं, अर्धा किलो साखर, १ किलो मास्कार्पोने, ६० सावोयार्दी बिस्किटं, लागेल तेवढी कॉफी आणि वरून कोको आहे. एवढंच. पांढरं नाही, दारू नाही, फेटलेलं क्रीम नाही, व्हॅनिलाही नाही. घरी आठ जणांना याच्या निम्मं पुरतं: ६ पिवळं, ५०० ग्रॅम मास्कार्पोने, ३० सावोयार्दी. साखर निम्मी म्हणजे २५० ग्रॅम येते, ती मला फार होते. मी १२० घालतो. सिन्योरा सहा मोठे चमचे घालतात आणि चमचा सपाट की शिगोशीग ते त्यांच्या मनावर असतं. कॉफी ३०० मिली करून ठेवा, थोडी उरेल. काचेचं भांडं साधारण २५ बाय २० सेंटिमीटरचं हवं, त्यात दोन थर बरोबर बसतात. 'ले बेक्केरिए'चं मूळ गोल असतं, पण लांबट बिस्किटं गोल भांड्यात बसवायला तोडावी लागतात आणि माझ्याकडे तेवढा धीर नाही.

मास्कार्पोने ही माझी जागा, तिथे जरा थांबतो.

हे चीज म्हणून विकलं जात असलं तरी त्यात विरजण नाही आणि रेनेट (दूध गोठवणारं विकर) ही नाही. मूळचं लोम्बार्दीतलं, लोदीच्या आसपासचं. क्रीम ८५ अंशांवर तापवायचं आणि त्यात आम्ल घालायचं, लिंबू किंवा टार्टरिक. दूध असतं तर फाटून पनीर झालं असतं. पण क्रीममध्ये प्रथिनं कमी आणि फॅट भरपूर, त्यामुळे ते फुटत नाही, नुसतं दाटतं. प्रथिनं एकमेकांना धरतात आणि फॅट त्या जाळ्यात अडकून राहते. मग कापडात निथळायचं. पुण्या-मुंबईत आता देशी कंपन्यांचं तयार मास्कार्पोने मिळतं. सांगलीत मी ते शोधण्यात एक दुपार घालवली आणि मग घरीच केलं.

५०० मिली क्रीम घ्या. पाकिटातलं २५ टक्के फॅटचं चालतं, पण ओळखीच्या डेअरीत मशीनवर काढलेलं ताजं ३५ टक्क्यांच्या आसपासचं क्रीम मिळालं तर उत्तम. जाड बुडाच्या पातेल्यात मंद आचेवर ढवळत ८५ अंशांपर्यंत न्या. थर्मामीटर नसेल तर कडेला बारीक बुडबुडे यायला लागतील आणि वाफ सरळ वर चढेल, तो टप्पा. उकळी नको. एक मोठा चमचा गाळलेला लिंबाचा रस घाला आणि त्याच तापमानावर पाच मिनिटं ढवळत राहा. चमच्याच्या पाठीवर बासुंदीसारखा थर धरला की उतरवा. ते पातळच दिसेल. "झालं नाही" म्हणून आणखी लिंबू पिळू नका. मी पिळलं आणि तिरामिसूला लिंबाच्या लोणच्याचा वास आला. पूर्ण गार झाल्यावर चाळणीत दुहेरी मलमल घालून त्यात ओता आणि झाकून रात्रभर फ्रीजमध्ये ठेवा. चक्का टांगतो तसं टांगू मात्र नका, बाहेरच्या उष्म्यात टिकायचं नाही. सकाळी कापडाला चिकटलेला, लोण्याहून मऊ गोळा मिळतो. पाकिटातलं क्रीम स्थिरकांमुळे हळू निथळतं, त्याला चोवीस तास द्या. अर्ध्या लिटरचं साडेतीनशे ग्रॅमच्या आसपास भरतं, म्हणजे वरच्या मापाला पाऊण लिटर क्रीम लागेल. लिंबू त्या हिशेबात वाढवा.

चक्का वापरू का, असं मला आतापर्यंत चौघांनी विचारलंय. नका वापरू. चक्क्याचा आंबटपणा विरजणाचा असतो, तो कॉफीशी भांडतो. त्यापेक्षा त्या चक्क्याचं श्रीखंड करा आणि सुखात खा.

सावोयार्दी म्हणजे बोटाएवढी लांब, वरून साखर चिकटलेली, अंड्यावर फुगवलेली हलकी बिस्किटं. दुकानात लेडीफिंगर म्हणून मिळतात. मिळाली नाहीत तर घरी करा, अवघड नाही. ३ अंडी, ९० ग्रॅम साखर, ९० ग्रॅम मैदा. पांढरं निम्म्या साखरेबरोबर ताठ फेटायचं, पिवळं उरलेल्या साखरेबरोबर फिकं करायचं, दोन्ही हलक्या हाताने एकत्र करून वर मैदा चाळून मिसळायचा. प्लास्टिकच्या पिशवीचा कोपरा कापून कागदावर बोटं काढा, वर पिठीसाखर भुरभुरवा आणि १८० अंशांवर १२ ते १५ मिनिटं भाजा. मग दार किलकिलं ठेवून भट्टीतच वाळू द्या. ती कडक वाळायला हवीत, खरी मेख तिथेच आहे. बेकरीतला टोस्ट मी वापरून पाहिला. त्याला वेलदोड्याचा वास असतो आणि तो कॉफी पिऊनही मधे दगडासारखा राहतो. मारी बिस्किटाचा लगदा होतो. स्पंज केकचे काप चालतात, फक्त ते आधी भट्टीत सुकवून घ्या.

कॉफीला तिकडे घरोघरी मोका लागतो, तो अष्टकोनी ॲल्युमिनियमचा. १९३३ पासून बियालेत्तीचं हे भांडं इटलीत चाललंय. खाली वाल्व्हपर्यंत पाणी, मधे भुकटी सपाट भरायची पण दाबायची नाही, आच बारीक. गुरगुर सुरू झाली की लगेच उतरवायचं, नाहीतर जळका कडवटपणा उतरतो. आपल्याकडे मोका नसेल तर दाक्षिणात्य फिल्टरचं डिकॉक्शन झकास काम देतं. फक्त भुकटी चिकोरी नसलेली घ्या. चिकोरीने रंग छान येतो आणि चव काढ्याची. तेही नसेल तर ३०० मिली गरम पाण्यात तीन मोठे चमचे इन्स्टंट कॉफी. मी कॉफीत साखर घालत नाही, कारण बिस्किटावर आणि क्रीममध्ये ती आहेच. आणि कॉफी गार होऊ द्या. गरम कॉफीत सावोयार्दी क्षणात विरघळतं, हातात नुसतं टोक राहतं.

आता अंडी. सिन्योरा पिवळं कच्चंच फेटतात. अंडी कुठली, कोंबडी कुणाची, हे त्यांना माहीत असतं. मला माहीत नसतं, आणि साल्मोनेला या विषबाधेच्या जंतूचं नाव ज्याने नोकरीभर अहवालात लिहिलं तो माणूस नातवंडांच्या घरात कच्चं अंडं ठेवणार नाही. दूध आपण ७२ अंशांवर १५ सेकंद नेतो, मी पिवळ्यालाही तिथवर नेतो. पातेल्यात दोन बोटं पाणी उकळवा, आच कमी करा. वर स्टीलचं भांडं असं बसवा की त्याचा तळ पाण्याला टेकणार नाही. त्यात ६ पिवळं आणि १२० ग्रॅम साखर घालून हाताच्या फेटणीने न थांबता फेटा. नुसतं पिवळं ६५ अंशांच्या पुढे आळायला लागतं. साखर असली की ते आणखी थोडं सोसतं, म्हणून ७२ गाठता येतं. पण हात थांबला की कडेला भुर्जी. थर्मामीटर ७२ दाखवेल तेव्हा दोन मिनिटं तिथेच धरा, मग भांडं उचलून गार पाण्याच्या परातीत ठेवा आणि फेटत राहा. रंग लिंबाच्या सालीसारखा फिका होतो आणि फेटणी वर उचलली की पडणारी धार पृष्ठभागावर क्षणभर उठून दिसते. मशीनने पाच-सहा मिनिटं, हाताने पंधरा. (निवृत्तीच्या दिवशी सहकाऱ्यांनी मला थर्मामीटर दिला होता. शाल-श्रीफळ कुठे गेलं आठवत नाही, हा मात्र रोज वापरात आहे.)

हे मिश्रण पूर्ण गार झाल्याशिवाय मास्कार्पोनेला हात लावू नका. मास्कार्पोने वीसेक मिनिटं आधी फ्रीजबाहेर काढा म्हणजे दोघांचं तापमान जवळ येईल. बर्फासारखं थंड मास्कार्पोने घातलंत तर गुठळ्या राहतात, कोमट मिश्रणात घातलंत तर वितळून धार होते. आधी ते एकटंच चमच्याने सैल करून घ्या. मग त्यात पिवळं तीन भागांत घाला, रबरी चमच्याने खालून वर वळवत. इथे मशीन बंद. सांगलीत मे महिन्यात मी उत्साहाने मिक्सर लावला आणि मिनिटभरात कडेने पिवळसर पाणी सुटलं. मी जन्मभर लोणी सुटताना पाहिलेला माणूस, तरी दोन क्षण बघतच राहिलो. मास्कार्पोनेत चाळीस टक्क्यांच्या वर फॅट असते; घुसळलं की तिचे कण एकमेकांना चिकटतात आणि पाणी बाहेर टाकतात. ताकात होतं तेच. थोडंसंच फाटलं असेल तर दोन चमचे गार क्रीम घालून हाताने हळू फिरवा, बहुतेक सावरतं. पूर्ण फाटलं असेल तर गाळून घ्या, साखरलोणी म्हणून पोळीला लावा.

पांढऱ्याचं काय? इटलीत पुष्कळ घरांत ते ताठ फेटून मिश्रणात घालतात, पदार्थ हलका होतो आणि स्वस्तही पडतो. त्रेविझोच्या नोंदलेल्या कृतीत ते नाही, आणि पांढरं कच्चंच राहतं म्हणून मीही घालत नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी जावईबापूंना त्याचं ऑम्लेट. दारूचंही तसंच. इटलीत इतरत्र मार्साला वाइन घालतात, कुणी रम. सिन्योरांचं म्हणणं, हे लहान मुलांना आणि म्हाताऱ्यांना खायला घालायचं, त्यात दारू कशाला?

बिन अंड्याचं करायचं असेल तर मास्कार्पोनेत पिठीसाखर आणि घट्ट फेटलेलं गार क्रीम मिसळा. छान लागतं, पण चव दुधाची होते, ती अंड्याची जड मऊ गोडी येत नाही. आणि एक लक्षात ठेवा: सावोयार्दीत अंडं असतं. आमच्या इमारतीतल्या एका बाईंनी बिनअंड्याचं म्हणून हौसेने करून सगळ्यांना वाटलं आणि मग पाकीट वाचलं.

थर लावायची वेळ. मी पहिल्यांदा केलं तेव्हा बिस्किट चहात बुडवतो तसं बुडवलं, मनात दोन-तीन आकडे मोजून. दुसऱ्या दिवशी भांड्याच्या तळाला बोटभर कॉफी आणि वर तरंगणारा गाळ. सिन्योरांनी भांडं तिरकं केलं, पाणी कसं वाहतं ते पाहिलं आणि "त्सुप्पा" एवढंच म्हणाल्या. सूप.

मग त्यांनी हात धरून शिकवलं. कॉफी पसरट ताटात, बोटभरच खोल. सावोयार्दी आडवं टाकायचं, लगेच उलटायचं, लगेच काढायचं. एका बाजूला एक सेकंद, त्याहून कमीच. तोडून पाहिलं तर मधे कोरडी पांढरी रेघ दिसायला हवी. ती रेघ पाहून मन खातं, वाटतं अजून थोडं भिजू द्यावं. नका देऊ. मिश्रणातली ओल आणि बाहेरची कॉफी रात्रभरात तिथे आपोआप पोचते. घरची सावोयार्दी दुकानातल्यांपेक्षा भुसभुशीत, त्यांना एकाच बाजूने टेकवलं तरी पुरे. नवीन पाकीट फोडलं की मी आधी एक बुडवून तोडून बघतो. प्रत्येक कंपनीचं वेगळं पितं.

साखरेची बाजू वर ठेवून एकाला एक चिकटवून थर लावा, कडेला फट राहिली तर तुकडे कोंबा. अर्धं मिश्रण ओता आणि कोपऱ्यांपर्यंत सारखं करा. दुसरा थर. उरलेलं मिश्रण. भांडं ओट्यावर दोनदा हलके आपटा म्हणजे मधली हवा निघेल. आता कोको घालायचा मोह होईल. घालू नका. रात्रभरात तो ओल शोषून काळपट, चिकट डाग होतो. वाढायच्या आधी बारीक चहाच्या गाळणीतून, बिनसाखरेचा, पृष्ठभाग झाकेल इतकाच. खाताना ठसका लागला तर जास्त झाला.

फ्रीजमध्ये कमीत कमी सहा तास, खरं तर पूर्ण रात्र. संध्याकाळचे पाहुणे असतील तर आदल्या रात्रीच करून ठेवा. सहा तासांनी ते कापता येतं, पण थर वेगळे लागतात. चोवीस तासांनी बिस्किट आणि क्रीम एकजीव होतात. दुसरा दिवसही चांगला. तिसऱ्या दिवशी तळाला पाणी धरतं. मोठ्या सुट्टीला करायचं असेल तर कोको न घालता घट्ट झाकून फ्रीजरमध्ये ठेवा आणि खायच्या आदल्या रात्री खालच्या कप्प्यात उतरवा.

झाकण मात्र घट्ट हवं. दुधाची फॅट आजूबाजूचा वास पकडते. संकलन केंद्रावर गोठ्याचा, रॉकेलचा वास लागलेलं दूध आम्ही नाकानेच बाजूला काढायचो, यंत्र लागायचं नाही. हे सगळं मला माहीत होतं. तरी नातवाच्या पहिल्या वाढदिवसाला, लेक सांगलीला आली असताना, मी भांडं नुसत्या ताटाने झाकून ठेवलं आणि हिने त्याच कप्प्यात लसणाच्या चटणीची वाटी सरकवली. पाहुण्यांनी कौतुक केलं, दुसऱ्यांदा कुणी मागितलं नाही. लेकीने एक घास खाल्ला, थांबली, आणि म्हणाली, "बाबा, सिन्योरांना फोटोच पाठवा. चव कळवू नका."